अरुण खोपकर : प्रायोगिक चित्रपटातील अभिनेता, दिग्दर्शक व समीक्षक

पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून बाहेर पडलेल्या अरुण खोपकर यांची चित्रपटरसिकांना पहिली ओळख झाली ती पडद्यावरच. मणी कौल यांनी मोहन राकेश यांच्या नाटकावर १९७१ मध्ये केलेल्या 'आषाढ का एक दिन' या चित्रपटात त्यांनी कालिदास साकारला. मल्लिकेच्या भूमिकेत रेखा सबनीस होत्या. संवाद आधी ध्वनिमुद्रित करून नंतर चित्रीकरण झाल्याने नटाला नाटकी आविर्भावाचा आधार उरला नाही. रूढ अभिनयाच्या मापाने ही भूमिका जोखणे अन्यायाचे ठरेल.

पुढे खोपकर कॅमेऱ्यामागेच अधिक रमले. 'फिगर्स ऑफ थॉट' हा लघुपट भूपेन खक्कर, नलिनी मलानी व विवान सुंदरम या चित्रकारांवर, 'संचारी' लीला सॅमसन यांच्या भरतनाट्यमवर, तर 'कलर्स ऑफ अॅबसेन्स' जहांगीर सबावाला यांच्यावर आहे. चरित्र सांगण्यापेक्षा त्या त्या कलेची लय दृश्यांच्या जुळणीत उतरवणे, हा त्यांचा ध्यास. ही दृष्टी घडण्यात आयझेनस्टाइनच्या संकलनविचाराचा वाटा मोठा. गोगोलच्या कथेवरून त्यांनी 'कथा दोन गणपतरावांची' हा मराठी चित्रपटही केला. त्यात दिलीप प्रभावळकर व मोहन आगाशे आहेत.

त्यांच्या 'गुरु दत्त : तीन अंकी शोकांतिका' या ग्रंथास चित्रपटविषयक लेखनाचा राष्ट्रीय पुरस्कार लाभला. 'चलत्-चित्रव्यूह' या पुस्तकाला २०१५ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला.