‘पेजंट’ : पत्रातील शब्दाविषयी

* भाचीच्या पत्रातला ‘पेजंट’ हा शब्द वाचून कुपवाडच्या मावशींनी ती सौंदर्यस्पर्धा समजली आणि त्या धसकल्या, हे त्यांच्या उत्तरात येतेच. भाची उतरली होती ती अमेरिकेतल्या अलाबामा राज्यातील मोबील शहरात १९५८पासून होणाऱ्या स्पर्धेच्या स्थानिक फेरीत. स्पर्धेचे जुने नाव ‘अमेरिकाज ज्युनियर मिस’. २०१०मध्ये ते ‘डिस्टिंग्विश्ड यंग विमेन’ झाले. पुढे नामवंत वृत्तनिवेदिका झालेल्या डायन सॉयर १९६३च्या विजेत्या. बक्षीस म्हणजे कॉलेजच्या फीसाठी शिष्यवृत्ती. पोहण्याच्या पोशाखाची फेरी नाही. शाळेची गुणपत्रिका आणि दहा मिनिटांची मुलाखत यांनाच मिळून जवळजवळ निम्मे गुण. बाकीचे कला, तंदुरुस्ती आणि मंचावरचे बोलणे यांना. कलेला जेमतेम दीड मिनिट, म्हणून तर भाची भरतनाट्यमचा तिल्लाना तीनदा कापते आणि शेवटचा तीरमानम, म्हणजे समारोपाची तालरचना, तेवढा हट्टाने राखते.

मावशींच्या मनातली शिष्यवृत्ती आपल्या शाळेतल्या परीक्षेची : दीडशे गुणांचे दोन पेपर, पर्यायांचे गोल काळे करायचे. तिथे मुलीचा आवाज कुणी ऐकत नाही. मुलाखतीत तो ऐकला जातो, हे मला फार मोलाचे वाटते. मात्र मंचावरच्या वावराला गुण देताना परीक्षकाच्या नजरेत रूप शिरतेच, त्यामुळे मावशींची धास्ती अगदीच निराधार म्हणवत नाही. मूळ पत्रात त्यांनी ‘पेजंट’ या शब्दाखाली पेन्सिलीने दोन रेघा ओढल्या आहेत.