पैलवानाच्या खुराकाचा हिशेब



संयोजकांनी फोनवर विषय विचारला तेव्हा आम्ही म्हटलं, 'दूरचित्रवाणीवरचं पैलवानाचं घर.' पलीकडून थोडा वेळ काही आवाजच आला नाही. तत्त्वज्ञानाचा निवृत्त प्राध्यापक, पंचाहत्तरीला टेकलेला, तो आता मालिकांवर बोलणार! पण आम्ही मालिका पाहतो, आणि चोरून पाहत नाही. शिवाय कुस्ती आणि तत्त्वज्ञान यांचं नातं जुनं आहे. 'प्लेटो' हे त्या गृहस्थाचं पाळण्यातलं नाव नव्हे. अंगानं रुंद म्हणून त्याच्या कुस्तीच्या वस्तादानं ते ठेवलं, अशी एक प्राचीन कथा आहे. खरी असो वा नसो, वर्गात सांगितली की मागच्या बाकांवरची मुलं जागी व्हायची.

निमित्त घडलं ते असं. नातवानं आम्हाला 'किंग्डम' नावाची अमेरिकन मालिका दाखवली. २०१४ ते २०१७ या काळातली. कॅलिफोर्नियात व्हेनिस इथे एका बापाची व्यायामशाळा आहे. बाप स्वतः माजी लढवय्या, दोन्ही मुलगे त्याच आखाड्यात. प्रकार मिक्स्ड मार्शल आर्ट्सचा, म्हणजे ठोसा, लाथ, ज्युदो, कुस्ती, सगळं एकाच पिंजऱ्यात. नातू लढती बघत होता, आमचं लक्ष मात्र त्या घरातल्या भांडणांकडे. दोन भाग झाल्यावर आम्ही म्हणालो, 'अरे, हे तर वसगडे!'

नातवाला कळलं नाही, तुम्हाला कळेल. झी मराठीवर ऑक्टोबर २०१६ मध्ये सुरू होऊन जानेवारी २०२१ पर्यंत चाललेली 'तुझ्यात जीव रंगला'. कोल्हापूर जिल्ह्यातलं गाव, गायकवाडांचा वाडा, राणादा नावाचा भोळा, फारसा न शिकलेला पैलवान आणि त्याच्या आयुष्यात आलेल्या शिक्षिका पाठकबाई. २०१६ हे सालच तसं होतं. जुलैत 'सुलतान' आला, त्यातला पैलवान शेवटी याच मिश्र लढतींच्या पिंजऱ्यात उतरतो. ऑक्टोबरात राणादा. डिसेंबरात 'दंगल', फोगट कुटुंबाची गोष्ट. सहा महिन्यांत तीन पैलवान, आणि तिघांच्याही मागे कॅमेरा थेट घरात घुसलेला.

इथेच आम्हाला प्रश्न पडला. आमच्याकडचा पैलवान घरात कधी होता? तो तर घर सोडून तालमीत गेलेला माणूस. वस्ताद हाच बाप, हौद हेच अंगण. ब्रह्मचर्य पाळायचं, पहाटे उठून जोर-बैठका मारायच्या, ताक, तेल, हळद, कापूर घालून मळलेल्या लाल मातीत लोळायचं. मालिकेला हे चालत नाही. तिला स्वयंपाकघर लागतं, जाऊ लागते, लग्न तर लागतंच लागतं. म्हणून तिनं पैलवानाला तालमीतून उचलून घरी आणलं. जाणकारांनी नाकं मुरडली. आम्हाला मात्र वाटतं, कुस्तीच्या इतिहासानं जे दार बंद ठेवलं होतं ते मालिकेनं, नकळत का होईना, उघडलं.

कुस्तीचा इतिहास आपण कसा सांगतो? राजापासून. कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर, बाराव्या शतकातला. त्याच्या 'मानसोल्लास' ग्रंथात 'मल्लविनोद' नावाचं प्रकरणच आहे. राजानं मल्ल कसे पोसावेत, त्यांना काय खाऊ घालावं, हे सगळं त्यात येतं. शब्द बघा, विनोद. म्हणजे करमणूक. मल्ल हा राजाच्या करमणुकीचा भाग, आणि खुराक हा राजाचा खर्च.

मग आपण उडी मारतो ती शाहू महाराजांवर. ते योग्यही आहे. १९०२ साली महाराज सातव्या एडवर्डच्या राज्यारोहणासाठी युरोपात गेले, रोमचं कोलोसियम पाहिलं आणि परत येऊन कोल्हापुरात खासबाग मैदान बांधायला घेतलं. १९१२ मध्ये ते पुरं झालं. उद्घाटनाची कुस्ती होती इमामबक्ष आणि गुलाम मोहिद्दीन यांची. पाठोपाठ महाराजांनी मैदानाला लागूनच पॅलेस थिएटर उभारलं, तेच पुढचं केशवराव भोसले नाट्यगृह. कुस्ती आणि नाटक एकमेकांना पाठ लावून. २०२४ च्या ऑगस्टात नाट्यगृहाला आग लागली ती रात्र आम्ही टीव्हीसमोर काढली. मैदानाकडच्या बाजूलाही तिची झळ पोचली. पैलवानावर नाटक रचणं ही काही दूरचित्रवाणीची नवी अक्कल नाही, एवढंच यातून आम्हाला सांगायचं आहे.

आता हा इमामबक्ष कोण? थोरल्या गामाचा धाकटा भाऊ. म्हणजे खासबागेत पहिली कुस्ती लढला तो एका घराण्याचा माणूस. फाळणीनंतर हे घराणं पाकिस्तानात राहिलं. इमामबक्षचा मुलगा अक्रम १९७६ च्या डिसेंबरात कराचीत जपानच्या अँटोनियो इनोकीशी लढला आणि त्याचा हात मोडला. हा इनोकी म्हणजे त्याच वर्षी जूनमध्ये महंमद अलीशी टोकियोत लढलेला. मुष्टियोद्धा विरुद्ध कुस्तीगीर अशी ती लढत मिश्र युद्धकलेची पूर्वपीठिका मानतात. खासबागेच्या मातीतून निघालेला एक धागा असा दोन पिढ्यांत त्या पिंजऱ्याच्या दारापर्यंत जातो.

पिंजरा उभा केला तोही एका घराण्यानंच. ब्राझीलचे ग्रेसी. जपानी ज्युदोपटू माएदाकडून कार्लोस ग्रेसी शिकला, त्यानं भावांना शिकवलं, भावांनी मुलांना. १९९३ मध्ये अमेरिकेत डेन्व्हरला यूएफसीची पहिली स्पर्धा झाली. ती भरवणाऱ्यांत एक भाऊ, रोरियन, आणि जिंकणारा दुसरा भाऊ, रॉइस. कार्लोसला एकवीस मुलं होती आणि त्यानं घरासाठी खास आहारपद्धती ठरवून दिली होती. तिथेही खुराक आहेच. एवढ्या मुलांचं रांधत कोण होतं, हे मात्र आम्हाला कुठल्या पुस्तकात सापडलं नाही.

परत आपल्याकडे येऊ. १९४९ मध्ये कोल्हापूर संस्थान विलीन झालं. राजा गेला, पैलवान राहिला. मग खर्च कुणाचा? याचं उत्तर खाशाबा जाधवांच्या आयुष्यात आहे. कराडजवळचं गोळेश्वर, वडील दादासाहेब स्वतः पैलवान. १९४८ च्या लंडन ऑलिंपिकला खाशाबांना कोल्हापूरच्या महाराजांनी पाठवलं. १९५२ च्या हेलसिंकीसाठी गावोगाव वर्गणी फिरली आणि राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर यांनी आपलं घर गहाण टाकून सात हजार रुपये दिले. कांस्यपदक आलं, स्वतंत्र भारताचं पहिलं वैयक्तिक पदक. १५१ बैलगाड्यांची मिरवणूक निघाली. ती मिरवणूक सगळ्यांना पाठ असते. त्यानंतर खाशाबांनी कुस्त्या करून ते कर्ज फेडलं, हे वाक्य मात्र घाईत उरकलं जातं.

पुढे १९६१ मध्ये महाराष्ट्र केसरी सुरू झाली, सहकारी साखर कारखाने पैलवानांना मानधन देऊ लागले. दादू चौगुले १९७० आणि १९७१ असे सलग दोनदा महाराष्ट्र केसरी झाले, १९७४ च्या राष्ट्रकुल स्पर्धेत त्यांनी रौप्यपदक मिळवलं, आणि त्यांचा मुलगा विनोद हाही महाराष्ट्र केसरी. बापलेक दोघांच्या खांद्यावर गदा! अशी घरं आहेत. पण एका गदेमागे न मिळालेल्या गदा किती, आणि त्या घरांतून काय काय गेलं?

आमच्या घरातून गेलं ते आम्हाला माहीत आहे. धाकटे चुलते, आम्ही त्यांना तात्या म्हणायचो, कोल्हापूरच्या तालमीत होते. गाव कराड तालुक्यातलं, कोरडवाहू जमीन, दोन म्हशी. दूध तापवून तूप करायचं आणि डबा दर आठवड्याला एसटीनं कोल्हापूरला जायचा. आम्हा पोरांना ताक. आम्हाला त्याचं काही वाटत नव्हतं. तात्या जत्रेच्या फडात शड्डू ठोकायचे तेव्हा ते ताकही अंगी लागल्यासारखं वाटायचं. सात वर्षं हे चाललं. मग गुडघा गेला. तात्या बत्तिसाव्या वर्षी घरी आले आणि पुढे एका कारखान्यावर पहारेकरी झाले. आजीच्या पाटल्या सावकाराकडून कधीच परत आल्या नाहीत.

वडील गेल्यावर त्यांच्या वह्या आमच्याकडे आल्या. एका वहीत 'तात्याचा खुराक' असं पान आहे. बदाम, खारीक, एसटीचं भाडं, तालमीची वर्गणी, सगळं आणेपैशांसह लिहिलेलं. आम्ही ते पान पुष्कळदा वाचलं. बऱ्याच वर्षांनी लक्षात आलं, की त्यात दूधच नाही. जो मुख्य खुराक, त्याचीच नोंद नाही! कारण दूध घरचं. घरच्या गोष्टीला किंमत नाही, म्हणून नोंद नाही. मग वैरण कापणारीची, धार काढणारीची, लोणी कढवणारीची नोंद कुठून असणार? ती कामं आमची आई आणि काकू करायच्या. तात्या तालमीत म्हणून काकूंचा संसार लग्नानंतर चार वर्षं सुरूच झाला नव्हता. तेही कुठल्या वहीत नाही.

आता मालिकेकडे या. 'तुझ्यात जीव रंगला'मधली खलनायिका कोण? वहिनीसाहेब, नंदिता. कारस्थानं करते, इस्टेटीवर डोळा ठेवते, भोळ्या दिराला छळते. धनश्री काडगावकर यांनी काम असं केलं, की बायका टीव्हीकडे बघून बोटं मोडायच्या. आम्हीही मोडली असतील. पण काकू तेव्हा हयात होत्या, नव्वदीच्या घरात, आणि रोज मालिका पाहायच्या. एकदा त्या म्हणाल्या, 'बाई वाईट आहे खरी. पण ती हिशेब मागते. आम्ही कुठं मागितला?'

आम्ही चाळीस वर्षं नीतिशास्त्र शिकवलं. कांट शिकवला, गीता शिकवली, त्यागावर कितीतरी तास घेतले. त्याग हा ज्याचा त्यानं करायचा असतो, दुसऱ्याकडून करवून घेतला तर त्याला दुसरा शब्द शोधावा लागतो, हे आम्हाला त्या दिवशी एका सातवी शिकलेल्या बाईकडून कळलं. मालिकेनं काय केलं ते यावरून दिसतं. पैलवानाच्या घरातला सर्वांत खरा प्रश्न, कुणाच्या ताटातलं काढून कुणाच्या ताटात वाढलं, हा तिनं विचारला. पण विचारला तो दुष्ट बाईच्या तोंडून, म्हणजे उत्तर द्यायची जबाबदारी कुणावर राहिली नाही. लेखकमंडळींनी हे ठरवून केलं असं आम्ही म्हणत नाही. रोजचा भाग लिहायचा असतो, त्यात कोण एवढा विचार करतो?

'किंग्डम'मध्ये निदान एक बरं आहे. तिथलं घर व्यायामशाळेच्या पैशावर चालतं, आणि पैशाचं बोलणं सगळ्यांच्या तोंडी आहे, चांगल्यांच्याही. आपल्याकडे चांगला माणूस पैशाचं बोलला की तो चांगला राहत नाही.

हे सगळं आम्ही भिवंडीत का सांगतो आहोत? इथल्या गावजत्रांमध्ये कुस्त्या होतात म्हणून, हे आहेच. पण दुसरंही आहे. हे मागांचं शहर. मागावरच्या कामगाराची मजुरी मीटरवर मोजतात. त्या मागाला लागणाऱ्या कांड्या घरी बसून भरणाऱ्या बाईचा मीटर कुठे आहे? बारा-बारा तास उभं राहणारा तो कामगार भिस्सीत जेवतो, उत्तर प्रदेशातून नाहीतर तेलंगणातून आलेला, बायकामुलं गावी ठेवून. त्याच्या शरीराचा खुराक इथे भिस्सीत शिजतो आणि तिकडे गावाला कुणीतरी शेत सांभाळतं म्हणून तो इथे उभा राहू शकतो. आमच्या तात्यांसारखाच तोही घरानं बाहेर पाठवलेला माणूस. फरक एवढाच, की याच्यासाठी कुणी हलगी वाजवत नाही.

आता एक अलीकडची गोष्ट. २०२३ च्या मार्चमध्ये सांगलीत महिलांची पहिली महाराष्ट्र केसरी झाली. पुरुषांची सुरू झाल्यावर बासष्ट वर्षांनी. अंतिम लढतीत सांगलीची प्रतीक्षा बागडी जिंकली. समोर होती कल्याणची वैष्णवी पाटील. कल्याण म्हणजे इथून दुर्गाडीचा पूल ओलांडला की आलंच. आम्ही ती लढत मोबाइलवर पाहिली, आणि मुली सलामी देत असताना आमच्या डोक्यात भलताच विचार आला: या दोघींच्या घरी दूध किती येत असेल, आणि त्यांच्या भावांना ताक मिळत असेल का?

काकू त्याआधीच गेल्या होत्या. वडिलांची ती वही आम्ही आज मुद्दाम सोबत आणली आहे, इथे टेबलावर ठेवतो. ज्यांना पाहायची त्यांनी पाहा, पानं जपून उलटा, कागद फार जुना झाला आहे. आणि प्रश्न असतील तर आता घेऊ. मागच्या बाजूला बसलेल्यांना रात्रपाळीला जायचं आहे असं कळलं, त्यांनी आधी विचारा.