परीस आणि पाटल्या

लोखंडाला लावला की लोखंडाचं सोनं करतो तो परीस, ही माझी लहानपणापासूनची समजूत. समजूत खरी आहे, परीस तेवढा खोटा आहे. पण तो नसल्यामुळे कुणाचं काही अडलेलं नाही. शेकडो वर्षं माणसं त्याच्या पदरी नोकरीला असल्यासारखी राबली, तीही बिनपगारी. मी स्वतः दीड वर्ष राबलो. ते शेवटी सांगतो. आधी थोरामोठ्यांचं.

आपल्याकडे परीस होता पंढरपुरात, परिसा भागवतांच्या घरी. कथा अशी, की त्यांच्या बायकोनं तो नामदेवांच्या राजाईला दिला. बिचारीच्या चुलीवर एकदाचं काहीतरी शिजलं. नामदेव आले, चौकशी केली आणि परीस उचलून थेट चंद्रभागेत! मालक दारात आल्यावर त्यांनी नदीतून ओंजळभर खडे काढून दाखवले, तर सगळेच परीस! कीर्तनात इथे लोक माना डोलावतात. माझ्यातला कारकून मात्र अस्वस्थ होतो. दुसऱ्याची ठेव नदीत टाकायची म्हणजे काय? नामदेवांच्या पाठीशी पांडुरंग होता म्हणून कॅश टॅली झाली. आणि राजाईची चूल पुन्हा थंड झाली, त्याची नोंद कुठल्याच लेजरात नाही.

युरोपातले किमयागार पांडुरंगाऐवजी भट्टीवर विसंबले. हॅम्बुर्गचा हेनिग ब्रँड हा व्यापारी, म्हणजे आमच्याच कॉमर्स साइडचा. सोनं पिवळं आणि मूत्रही पिवळं, तेव्हा दोघांचं काहीतरी नातं असणारच, असा त्यानं हिशेब मांडला. १६६९ साली त्यानं पिंपंच्या पिंपं मूत्र जमवलं, कुजवलं आणि आटवलं. पैसा बायकोचा! त्या माउलीनं काय काय सोसलं असेल, याची नुसत्या वासावरून कल्पना येते. सोनं निघालं नाही. निघाला अंधारात आपोआप उजळणारा एक पदार्थ, फॉस्फरस. आज काड्यापेटीच्या ज्या कडेवर आपण काडी ओढतो, तिथे त्याचाच तांबडा अवतार बसलेला असतो.

इंग्लंडात तर १४०४ साली कायदाच झाला, की सोनं-चांदी ‘वाढवणं’ हा गुन्हा. न जाणो, एखाद्याला जमलंच तर राजाच्या नाण्याला विचारणार कोण? रॉबर्ट बॉइलसारख्यांच्या खटपटीनं १६८९ मध्ये तो रद्द झाला. बॉइल हा रसायनशास्त्रातला मोठा माणूस, पण त्यालाही आशा होतीच.

आणि न्यूटन! सफरचंदवाले न्यूटन आपल्याला ठाऊक असतात. पण या गृहस्थांनी किमयेवर सुमारे दहा लाख शब्द गुपचूप लिहून ठेवले होते. १६९६ साली ते सरकारी टांकसाळीत अधिकारी झाले, म्हणजे तसे आमच्याच खात्यात आले. दिवसा खोटी नाणी पाडणाऱ्यांना पकडायचं आणि घरच्या पेटीत परिसाच्या कृती! १९३६ साली लंडनला त्या कागदांचा लिलाव झाला. त्यातला बराच भाग विकत घेतला अर्थशास्त्रज्ञ केन्सनं. हाच तो केन्स, ज्याच्यापायी मी बी.कॉम.ला रात्री जागवल्या. ते कागद वाचून त्यानं न्यूटनना चक्क जादूगारांच्या पंगतीत बसवलं.

गंमत म्हणजे परीस अखेर सापडला. शिशाच्या अणूच्या पोटात ८२ प्रोटॉन, सोन्याच्या पोटात ७९. तीन काढले की काम झालं. जिनिव्हाजवळच्या सर्न प्रयोगशाळेत २७ किलोमीटर घेराच्या यंत्रात शिशाचे अणुगर्भ जवळजवळ प्रकाशाच्या वेगानं एकमेकांच्या अंगावरून जातात, तेव्हा क्वचित असे तीन प्रोटॉन गळून पडतात. २०१५ ते २०१८ या काळात सोन्याचे सुमारे ८,६०० कोटी अणुगर्भ तयार झाल्याचं २०२५ साली जाहीर झालं. वजन? एका ग्रॅमचे एक लाख कोटी भाग केले, तर त्यातले २९. तेही क्षणभरात फुटून गेले. खर्चाची बाजू मी मुद्दाम मांडत नाही. ताळेबंद बघून कुठलाही ऑडिटर अंथरूण धरील.

न्यूटनची एक गोष्ट मात्र राखून ठेवली होती. १७२० साली साउथ सी कंपनीचे शेअर त्यांनी आधी फायद्यात विकले. भाव आणखी चढलेला बघून राहवलं नाही, म्हणून पुन्हा घेतले आणि जबर बुडाले. वर गेलेलं खाली येतं, हे ज्यानं जगाला शिकवलं त्याची ही गत!

मग माझी काय कथा? एक गृहस्थ घरी येऊ लागले. अठरा महिन्यांत दामदुप्पट! म्हणजे दरसाल एकोणसाठ टक्के. एवढं व्याज येणार कुठून, हे मी गिऱ्हाइकाला खडसावून विचारलं असतं. सोनेतारणाच्याच टेबलावर बसतो ना! स्वतःला विचारलं नाही. बायकोनं आईनं दिलेल्या पाटल्या मनगटाला साबण लावून काढल्या आणि मुकाट्यानं हातात ठेवल्या. आमच्या शाखेचे सराफ, अण्णा, यांनी त्या काळ्या कसोटीच्या दगडावर घासल्या. बावीस कॅरेट. अठरा महिन्यांनी मी त्या गृहस्थांच्या ऑफिसवर गेलो, तर दाराला कुलूप. निरखून पाहिलं. लोखंडाचंच होतं.

कर्ज फेडायला चार दिवाळ्या गेल्या. काचेच्या बांगड्या बघून नातेवाईक विचारायचे, “पाटल्या कुठं गं?” ती म्हणायची, “बँकेत ठेवल्यात.” एक अक्षर खोटं बोलली नाही.

सोडवायच्या दिवशी तीही आली. अण्णांनी सवयीनं पाटल्या पुन्हा कसोटीवर ओढल्या. दगडावर दोन पिवळ्या रेघा उमटल्या, पहिल्यासारख्याच.

“अण्णा,” ती म्हणाली, “हा तुमचा दगड माणसांना चालतो का हो?”

“नाही वहिनी. का?”

“काही नाही. पुन्हा कुणी गृहस्थ आले, तर घासून बघावं म्हटलं.”

अण्णा हसले. नेमक्या कोणत्या गृहस्थाला, ते ती बोलली नाही. मी खाली मान घालून पावतीवर सही केली.