तनिकेल्ल भरणी : संवादलेखक, अभिनेता आणि हैदराबादची बोली

तेलुगू चित्रपटसृष्टीत लेखणी आणि अभिनय या दोन्हींवर सारखेच प्रभुत्व असलेल्या मोजक्या कलावंतांत तनिकेल्ल भरणी यांची गणना होते. अभिनेते रल्लपल्ली यांच्या सहवासात रंगभूमीवर त्यांची जडणघडण झाली. ‘गार्दभांडम’, म्हणजे गाढवाचे अंडे, हे त्यांच्या एका नाटकाचे नावच त्यांच्या विनोदाची जात सांगून जाते.

वंशी दिग्दर्शित ‘लेडीज टेलर’ (१९८६) या ग्रामीण विनोदी चित्रपटाच्या संवादांनी ते प्रकाशात आले. पुढच्याच वर्षी ‘श्री कनकमहालक्ष्मी रेकॉर्डिंग डान्स ट्रूप’मध्ये त्यांनी दोराबाबू रंगवला. मात्र त्यांच्या कारकिर्दीचे खरे वळण १९८९चे. रामगोपाल वर्मा यांच्या ‘शिवा’चे संवाद त्यांनी लिहिले आणि खलनायकाच्या गोटातील नानाजीची भूमिकाही केली. नागार्जुन नायक असलेला हा चित्रपट पुढे हिंदीतही आला. पल्लेदार संवादांची सवय असलेल्या प्रेक्षकाला त्यातील तुटक, दबकी भाषा नवी होती.

नानाजी बोलतो ती तेलंगणाची बोली. १९५६पर्यंत तेलंगणा आणि मराठवाडा एकाच हैदराबाद संस्थानात, नंतर राज्यात नांदत होते. त्यामुळे उर्दूचा हा शेजार मराठवाड्यातील वाचकाला परका वाटणार नाही. तेलुगू पडद्यावर प्रमाण मानली गेली ती किनारी आंध्रची भाषा. तेलंगणाची बोली गुंडाच्या किंवा विदूषकाच्या तोंडी, ही तेथील लोकांची जुनी तक्रार. भरणींचा नानाजी आणि त्याच वर्षीच्या ‘चेट्टू किंद प्लीडर’मधील तोटारामुडू हे या तक्रारीला पूर्ण उत्तर नव्हेत; एक खलनायकाचा साथीदार, दुसरा हास्यपात्र. तरीही या बोलीची लय त्यांनी नेमकी पकडली, हे मान्य करावे लागते. ‘मोंडी मोगुडू पेंकी पेल्लाम’ (१९९२) या चित्रपटात मात्र त्यांच्या संवादांतून ती नायिकेच्या, विजयाशांतीच्या मुखी आली. मच्छिंद्र कांबळी यांच्या ‘वस्त्रहरण’ने मालवणीला व्यावसायिक रंगमंच मिळवून दिला, त्याची येथे आठवण होते.

पुढे लेखन मागे पडले आणि अभिनय वाढला. ‘मातृदेवो भव’ (१९९३) मधील त्यांचा खलपुरुष आजही तेलुगू प्रेक्षकांच्या स्मरणात आहे. ज्या मल्याळम चित्रपटावरून तो बेतला होता, त्यावरूनच महेश कोठारे यांनी मराठीत ‘चिमणी पाखरं’ केला. ‘समुद्रम’साठी भरणींना सर्वोत्कृष्ट खलनायकाचा नंदी पुरस्कार मिळाला. शिवभक्तीपर पदांचे कर्ते म्हणूनही ते घरोघरी परिचित आहेत.

दिग्दर्शक म्हणून त्यांची ओळख ‘मिथुनम’ (२०१२) मुळे झाली. श्रीरमण यांच्या कथेवरील या चित्रपटात पात्रे दोनच : मुले परदेशी गेलेले वृद्ध दांपत्य. एस. पी. बालसुब्रह्मण्यम आणि लक्ष्मी यांनी ते साकारले. याच कथेवर एम. टी. वासुदेवन नायर यांनी मल्याळमध्ये ‘ओरु चेरु पुंचिरी’ केला होता. आयुष्यभर इतरांच्या चित्रपटांत खलपुरुष आणि विनोदी पात्रे उभी करणाऱ्या भरणींनी स्वतःच्या चित्रपटात खलनायकच ठेवला नाही. संघर्ष आहे तो जेवणाच्या पानावरचा, लटक्या रुसव्याचा आणि शेवटी मागे कोण उरणार याचा.