पलीकडच्या जगातून आलेले पान

एका जगातला माल भरून दुसऱ्या जगात उतरवणारी जहाज कंपनी निघाली, तर तिच्या पहिल्या खेपेत काय असेल? प्रश्न पोरकट वाटेल. पण मराठीत अशी एक खेप येऊन गेली आहे, अर्थात कथेतून. डॉ. जयंत नारळीकरांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेतले इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे दोन दिवस एका वेगळ्याच हिंदुस्थानात वावरून परततात. तेथे १७६१ च्या पानिपतावर विश्वासरावांना लागणारी गोळी कानाजवळून निघून गेली आहे आणि मराठे जिंकले आहेत. परतल्यावर पंतांच्या खिशात निघते ते त्या जगातल्या बखरीचे एक फाटके पान. दोन जगांमधला व्यापार म्हणावा, तर एवढाच. या कथेचे इंग्रजी रूप एनसीईआरटीच्या अकरावीच्या इंग्रजी पाठ्यपुस्तकात आल्यामुळे ती पुष्कळ विद्यार्थ्यांना माहीत असते.

गंमत अशी, की त्या जगातही एक जहाज कंपनी आहेच: ईस्ट इंडिया कंपनी. मुंबईच्या स्टेशनसमोर तिचे भव्य मुख्यालय पाहून पंत थबकतात. आपल्या जगात कंपनीची सनद ३१ डिसेंबर १६०० ची. तिचा राज्यकारभार १८५८ साली संपला आणि १८७४ मध्ये ती विसर्जित झाली. पंत पाहतात त्या जगात मात्र ती मुंबई, कलकत्ता, मद्रास अशा काही ठिकाणी व्यापार सांभाळून टिकली आहे.

पानिपत मराठवाड्यापासून दूर. पण असाच एक फाटा फुटण्याजोगा क्षण जालना जिल्ह्यातही घडला आहे, आणि तेथे मराठ्यांच्या समोर खुद्द ही कंपनीच होती. जिल्ह्याच्या उत्तर भागात केळणा आणि जुई या नद्या काही अंतर जवळजवळ समांतर वाहतात आणि मग एकमेकींना मिळतात. त्यांच्यामधल्या चिंचोळ्या पट्टीत असई हे गाव आहे. सप्टेंबर १८०३ मध्ये दौलतराव शिंदे आणि रघूजी भोसले यांच्या फौजांचा तळ या परिसरात होता. शिंद्यांचे कवायती पायदळ दहा हजारांवर, तोफा शंभराच्या आसपास, शिवाय प्रचंड घोडदळ. कंपनीचे सेनापती आर्थर वेलस्ली आणि कर्नल स्टीव्हन्सन २१ तारखेला बदनापूरला भेटले, दोन वाटांनी निघून २४ तारखेला एकत्र हल्ला करायचे त्यांनी ठरवले. पण २३ तारखेलाच वेलस्लीला समोर सगळी मराठी फौज दिसली. स्टीव्हन्सन दूर होता आणि वेलस्लीजवळ प्रत्यक्ष लढाईला उभे राहणारे सैनिक साडेचार हजारांच्या घरात.

केळणेच्या काठावर मराठ्यांच्या तोफा रोखलेल्या होत्या. समोरून नदी ओलांडणे म्हणजे आत्मघात. बगलेवर जायचे, तर पूर्वेकडे उतार हवा; आणि वाटाडे सांगत होते, तिकडे उतार नाही. वेलस्लीने दुर्बिणीतून पाहिले, तेव्हा नदीच्या दोन काठांवर समोरासमोर वसलेली दोन गावे दिसली. इंग्रजी कागदांत त्यांची नावे पिपलगाव आणि वारूर अशी येतात. समोरासमोरच्या दोन गावांचे येणेजाणे असणारच, म्हणजे उतारही असलाच पाहिजे, असा तर्क त्याने केला. माणूस पाठवून खात्री केली, तर उतार होता! आमच्या मते असईच्या लढाईतला विज्ञानशिक्षकाने वर्गात सांगावा असा भाग हाच. साक्ष एक सांगते, नकाशा दुसरेच सुचवतो, आणि शेवटी जाऊन पाहावे लागते.

आता फाटे पाहा. सप्टेंबरचा महिना. आदल्या रात्री वरच्या अंगाला जोराचा पाऊस झाला असता, तर तोच उतार बंद झाला असता. उतरताना तोफेचा एक गोळा आला आणि वेलस्लीच्या शेजारच्या स्वाराचे डोके उडाले. गोळा थोडा बाजूला गेला असता तर? पुढे त्याचा एक घोडा गोळीने मेला, दुसऱ्याला भाला लागला. पलीकडे शिंद्यांच्या पदरी असलेल्या पोलमन या हॅनोव्हरच्या अधिकाऱ्याने नदीकडे तोंड करून उभी असलेली फळी झटपट वळवून नव्या दिशेला उभी केली. ही कवायत सोपी नव्हे. कंपनीचे मेलेले आणि जखमी मिळून पंधराशेहून अधिक झाले, म्हणजे लढणाऱ्यांपैकी सुमारे एक तृतीयांश. हा विजय किती काठावरचा होता, हे या आकड्यावरून कळते.

मग गोळा चुकला नसता, तर कंपनी मुंबई-मद्रासच्या गोदामांत परतली असती काय? येथे आम्ही थोडे अडखळतो. असईच्या बारा दिवस आधी, ११ सप्टेंबरला, जनरल लेकने दिल्लीजवळ शिंद्यांच्या फौजेचा पराभव केला होता. ४ तारखेला अलीगढचा किल्ला पडला होता. ३१ डिसेंबर १८०२ च्या वसईच्या तहाने पेशवा आधीच कंपनीच्या पंखाखाली गेला होता. होळकर या युद्धापासून अलिप्त राहिले, शिंद्यांचे बरेच युरोपीय अधिकारी नोकरी सोडून गेले. यांतले काहीही त्या एका गोळ्यावर अवलंबून नव्हते. असईला हार झाली असती, तर दख्खनमधले युद्ध लांबले असते एवढे म्हणता येईल. पण बंगालचा महसूल आणि समुद्रावरची जहाजे कंपनीजवळ तशीच राहिली असती. पानिपतातली गोळी आणि असईचा गोळा सारख्याच वजनाचे नाहीत.

नारळीकरांच्या कथेत हे फाटे फुटण्याचे कारण सांगताना पुंजयामिकीचा आधार घेतला आहे. १९५७ साली ह्यू एव्हरेट या अमेरिकन संशोधकाने मांडले, की मोजमापाच्या वेळी अनेक शक्यतांपैकी एक उरून बाकीच्या नाहीशा होत नाहीत. सगळ्याच पुढे चालू राहतात. हा अर्थ सर्व शास्त्रज्ञांना मान्य नाही. पण तो मानला, तरी आपल्या जहाज कंपनीचे काय?

पुंजयामिकीचे मूळ समीकरण रेषीय आहे. तळ्यात दोन दगड टाकले, तर लाटांची वर्तुळे एकमेकांतून जातात आणि पलीकडे आपापल्या वाटेने पुढे जातात. एक दुसरीला ढकलत नाही. इलेक्ट्रॉनच्या दोन वाटा पुन्हा एकत्र आणल्या, तर व्यतिकरण तरी दिसते. तोफेचा गोळा मात्र वाटेत हवेच्या असंख्य रेणूंवर आणि प्रकाशावर आपली खूण उमटवीत जातो, त्यामुळे त्याच्या दोन वाटा पुन्हा जुळवणे व्यवहारात अशक्य होते. म्हणजे बंदर बंद! १९८९ मध्ये स्टीव्हन वाइनबर्ग यांनी विचारले, की हे समीकरण किंचित अरेषीय असेल तर? १९९१ मध्ये जोसेफ पोल्चिन्स्की यांनी दाखवले, की तसे असेल तर वेगवेगळ्या शाखांमध्ये निरोप पोचवणे शक्य होऊ शकते. या कल्पित यंत्रणेला ‘एव्हरेट फोन’ हे नाव पडले. प्रयोगांत मात्र अशा अरेषीयतेचा मागमूस लागलेला नाही. फोनच लागत नाही, तेथे बखरीचे पान कुठून येणार?

वर्गात एक करून पाहण्यासारखे आहे. फळ्यावर केळणा, जुई आणि मधली फौज काढावी. दोन्ही काठांवरची गावे दाखवावीत, उतार मात्र दाखवू नये. तो कोठे असेल, हे मुलांनाच विचारावे. उतार सापडला, की तेवढा पुसून टाकावा आणि बाकी काय काय तसेच राहते, याची यादी त्यांच्याकडूनच करून घ्यावी. दिल्ली आणि वसई कोणाच्या यादीत येतात, ते पाहावे. मुंबईच्या बंदरातली जहाजे बहुधा कोणालाच आठवत नाहीत.