पुलू : उशीत गेलेले जंगल

आमच्या घरी सावरीच्या कापसाची एक जुनी उशी आहे. उन्हाळ्यात सावरीची बोंडे उकलतात, खाली पडलेली वेचायची, बिया झटकायच्या आणि अभ्रा भरायचा. झाड जागच्या जागी उभे राहते, पुढच्या वर्षी पुन्हा देते. उशी आणि झाड यांच्यातला मला ठाऊक असलेला व्यवहार एवढाच. त्यामुळे हवाई बेटांच्या एकोणिसाव्या शतकातल्या व्यापाराविषयी वाचताना साखर आणि कॉफी यांच्या शेजारी ‘पुलू’ हा शब्द भेटला आणि तो गाद्या-उश्या भरण्याचा माल होता असे कळले, तेव्हा हीदेखील तिकडची एखादी सावर असणार असे मी धरून चालले. माझा तो तर्क साफ चुकला.

पुलू ही एका वृक्षनेच्याची लव. हवाईचे मूळ रहिवासी या नेच्याला ‘हापूऊ’ म्हणतात. शास्त्रीय नाव सिबोटियम ग्लॉकम. हवाई बेटांखेरीज तो जगात कुठेही नैसर्गिकरीत्या वाढत नाही. नेचे म्हटले की आपल्याला आठवतात ती पावसाळ्यात विहिरीच्या कठड्यातून डोकावणारी वीतभर रोपे. हापूऊ मात्र माणसाच्या डोक्यावर छत धरतो. फूल नाही, फळ नाही. पानामागच्या बीजाणूंवर त्याचा वंश चालतो. वर्षाला काही सेंटिमीटर एवढीच त्याच्या खोडाची वाढ.

त्याचे खरे घर म्हणजे किलाउएआसारख्या ज्वालामुखींचे वाऱ्याकडचे उतार. समुद्रावरून येणारे ढग तिथे अडतात आणि जंगल जवळजवळ कायम ओले राहते. वर ओहिआ वृक्षांचे छत, त्याखाली हापूऊचे दुसरे. दोघांचे नातेही विलक्षण आहे. ओहिआचे धुळीसारखे बारीक बी हापूऊच्या ओलसर खोडावर पडते, तिथेच रुजते आणि मुळे खाली सोडते. पुढे नेचा कुजून जातो, आणि ओहिआ त्या मुळांच्या पायांवर उभा राहिलेला दिसतो.

हापूऊच्या माथ्यावर नवे पान येते ते गोल गुंडाळी होऊन. त्या कोवळ्या कोंबाभोवती सोनेरी, रेशमासारखी मऊ लव असते. हाच तो पुलू, कोंबाचे पांघरूण. मूळ रहिवासी तो जखमेवर दाबून धरत, मृतदेह जतन करताना आत भरत. ही गरज गावापुरती होती आणि जंगलाला ती झेपत होती.

1849 साली कॅलिफोर्नियात सोन्यासाठी झुंबड उडाली. सॅन फ्रान्सिस्को वाढू लागले, आणि तिथे येणाऱ्यांना झोपायला गाद्या हव्या होत्या. 1850 नंतरच्या दशकात पुलूची निर्यात सुरू झाली. हवाईयन कुटुंबे जंगलात मुक्काम करून लव गोळा करू लागली. ती वाळवून, गठ्ठे बांधून, खाली केआउहोऊच्या धक्क्यावर नेली जाई आणि तिथून जहाजाने पुढे. 1862 या एका वर्षात सुमारे 7 लाख 38 हजार पौंड, म्हणजे जवळपास 335 टन पुलू बाहेर गेला.

हा आकडा वाचून मी कागद-पेन्सिल घेतली. एका झाडाला लव मिळते दोन-तीन औंस. तीन औंस धरले तरी त्या एका वर्षात 39 लाखांहून अधिक झाडांवर हात पडला असणार. लव खुडून झाड सोडून देता येते. पण उंच माथ्यापर्यंत चढण्यापेक्षा झाड आडवे करणे सोपे, आणि पुष्कळदा तेच केले गेले.

एवढे करून पदरात काय पडले? पुलू दिसायला रेशीम, पण टिकाऊपणा नाही. काही वर्षांत गादीच्या आतच त्याचा भुगा होई. 1880 नंतरच्या दशकात हा व्यापार संपला. किलाउएआच्या नापाऊ विवराकडे जाणाऱ्या पायवाटेवर एका पुलू कारखान्याच्या दगडी भिंती मागे उरल्या.

जंगल मात्र पुरते संपले नाही. आडवा पडलेला हापूऊ मरतोच असे नाही. जमिनीला टेकतो तिथून मुळे सोडतो आणि माथा पुन्हा वर वळवतो. पण माणसाने आणलेले दुसरे संकट अजून गेलेले नाही. मोकाट डुकरे हापूऊच्या खोडातला पिठूळ गाभा खातात. पोखरलेल्या खोडात पाणी साचते, त्यात डास वाढतात, आणि डासांमुळे पसरणाऱ्या पक्ष्यांच्या हिवतापाने तिथले देशी हनीक्रीपर पक्षी मरतात. हवाईत 1826 पूर्वी डास नव्हतेच. तेही जहाजातूनच आले. ज्या नेच्याच्या अंगावर ओहिआ वाढतो, त्याच ओहिआच्या फुलांतला मध यांतले कितीतरी पक्षी पितात. एक खोड पोखरले की धक्का असा वरपर्यंत पोहोचतो.

सावरीचा कापूस म्हणजे बियांना दूर नेणारी पिसे; त्याने झाड सोडावे हीच निसर्गाची योजना. पुलू झाड सोडण्यासाठी नसतो. पान उलगडेपर्यंत त्याने तिथेच राहायचे असते. उशीत शिरल्यावर दोन्ही सारखेच मऊ लागतात. म्हणून मऊपणाचा भाव ठरवणाऱ्या बाजाराला हा फरक कळला नसावा. लव खुडणाऱ्या हातांना तो नक्की कळत असणार. पण भाव त्यांच्या हातात नव्हता.