गिरणीत गेलेल्या माणसाचा सिनेमा

दाभोळसारख्या कोकणातल्या गावांतून मुंबईच्या गिरण्यांत गेलेली माणसं आपल्याला घरच्या गोष्टींतून माहीत असतात. तसाच एक माणूस बाबूराव पेंटरांनी १९२५ साली पडद्यावर आणला, तोही कोल्हापुरात बसून.

फाळके ठाऊक असतात, व्ही. शांताराम ठाऊक असतात. मधले बाबूराव मेस्त्री राहून जातात. नाटकांचे पडदे रंगवायचे म्हणून ते ‘पेंटर’. दामल्यांना सोबत घेऊन त्यांनी कॅमेराही घरीच बनवला आणि त्यावर ‘सैरंध्री’ (१९२०) काढला. शांताराम, दामले, फत्तेलाल त्यांच्याच महाराष्ट्र फिल्म कंपनीत घडले. १९२९ साली बाहेर पडून त्यांनी ‘प्रभात’ काढली.

बाबूरावांचे आधीचे गाजलेले सिनेमे पुराणातले आणि इतिहासातले. ‘सावकारी पाश’मध्ये मात्र ना देव, ना राजा. ना. ह. आपट्यांच्या या कथेत सावकार शेतकऱ्याची जमीन गिळतो आणि शेतकरी शहरात गिरणीमजूर होतो. तो शेतकरी झाला होता तरुण शांताराम. बाबूरावांची शैली चित्रकाराची: आधी रेखाटन, मग चित्रीकरण, संवादाचं काम उजेड आणि सावली करायची. अंधारी झोपडी आणि तिच्यासमोर रडणारं कुत्रं, हे दृश्य पाहणाऱ्यांच्या लक्षात राहिलं.

१९३६ साली बाबूरावांनी त्याचा बोलपटही केला. मूळ मूकपट मात्र आज पाहायला मिळत नाही. गिरणीत गेलेल्या पणजोबांचा घरात एखादाच फोटो असतो. त्यांच्यासारख्या माणसावरचा सिनेमाही आपण जपला नाही.